भिंतीला हात लावण्यापूर्वी

(मंडळाच्या वर्षावास व्याख्यानमालेत दिलेले भाषण)



या व्याख्यानमालेत आतापर्यंत धम्म, संविधान, शिक्षण अशा मोठ्या विषयांवर विद्वान वक्ते बोलून गेले. आम्ही बँकेत कारकुनी करणारे, शिक्षण कला शाखेचे. तेव्हा आम्ही घराच्या भिंतींवर बोलणार हे ऐकून काहींना नवल वाटले असेल. आम्ही अभियंते नाही, हे सुरुवातीलाच कबूल करतो. परंतु घरदुरुस्तीच्या कर्जाचे अर्ज आमच्या टेबलावरून जातात आणि आमच्या स्वतःच्या घरात एकदा असा प्रसंग घडला की, त्यानंतर जाणकारांना विचारून, पुस्तके चाळून जे समजले ते आपल्यापुढे ठेवणे आम्हाला कर्तव्य वाटते.

आपल्या गावाला विजासन टेकडीतील लेण्यांचा वारसा लाभला आहे. आपण पौर्णिमेला तिथे जातो, मुलाबाळांना नेतो. आत शिरल्यावर एक सरळ वाट टेकडीच्या पोटात जाते आणि तिच्या टोकाला तथागतांची बसलेली मूर्ती आहे. डाव्या-उजव्या अंगाला काटकोनात आणखी दोन वाटा निघतात, त्यांच्याही टोकाला मूर्ती आहेत. आपण मूर्ती पाहतो, वंदन करतो आणि परततो. पुढच्या वेळी एक गोष्ट आवर्जून पाहा. कोरणाऱ्यांनी सगळी टेकडी पोखरून एक भव्य सभागृह केले नाही. वाटा अरुंद ठेवल्या आणि मधला खडक जागच्या जागी राहू दिला. डोक्यावर टेकडीचे ओझे आहे आणि ते कशावर तरी टेकले पाहिजे. काय काढायचे याच्या आधी काय ठेवायचे हे ठरवावे लागते.

चंद्रपूर, बल्लारपूर, माजरी भागातील भूमिगत खाणीत काम केलेली मंडळी या सभेत बसली असतील. त्यांना हे सांगावे लागत नाही. कोळसा काढताना जागोजाग कोळशाचेच पिलर सोडतात. तोही कोळसाच असतो, त्यालाही बाजारात भाव असतो, तरी तो तिथेच ठेवतात. कारण वरचे छत त्याच्यावर उभे असते. खाणीत जे ज्ञान साध्या कामगाराला आहे, ते घर दुरुस्त करताना आपण विसरतो.

आता आमच्या घराची हकीकत सांगतो. घर वडिलांनी १९८६ साली बांधले. ओळीने तीन खोल्या, नऊ इंची विटांच्या भिंती आणि वर स्लॅब. पुढे १९९८ साली वर एक खोली चढविली, तिच्यावर टिनाचे पत्रे घातले, शेजारी एक हजार लिटरची टाकी बसविली. २००९ साली धाकट्या बहिणीचे लग्न ठरले. बैठक लहान पडेल म्हणून बैठक आणि मधली खोली यांच्यामधली भिंत काढून एक मोठा हॉल करावा, असे आम्हीच ठरविले. मिस्त्री म्हणाला, “काही होत नाही, बाजूच्या गल्लीत असंच केलं आहे.” आम्ही त्याच्या शब्दावर विसंबलो.

दुपारपर्यंत भिंतीचा मधला चार-पाच फुटांचा भाग उतरला. खाली विटांचे तुकडे घमेल्यात भरणारी रेजा होती. ती एकदम थांबली आणि म्हणाली, “भाऊ, वरून चुना झडून रायला.” मिस्त्रीने तिला गप्प केले. थोड्या वेळाने तिने पुन्हा तेच सांगितले, घमेले खाली टाकले आणि ती अंगणात जाऊन उभी राहिली. तेव्हा कुठे आम्ही मान वर केली. जिथे ती भिंत स्लॅबला टेकली होती, त्याच ओळीत स्लॅबच्या खालच्या अंगाला केसाएवढी रेघ उमटली होती.

शेजारी खाणीतून निवृत्त झालेले एक काका राहत. छताला लाकडी टेकू देण्याच्या कामात त्यांची हयात गेली होती. ते आले. त्यांनी आत पाऊल टाकले नाही. दारातूनच वर नजर टाकून विचारले, “वर काय आहे ते पायलं का?” वर काय होते? वरच्या खोलीची भिंत बरोबर याच भिंतीच्या डोक्यावर उभी होती. काकांनी सर्वांना बाहेर काढले, टाकी रिकामी करविली, आणि शाबूत भिंतीच्या आडून एकेक बल्ली आत सरकवून टेकू लावून घेतले. दुसऱ्या दिवशी अभियंता आला.

कोणाला इजा झाली नाही. परंतु ते आमचे शहाणपण नव्हे. घराला महिनाभर कुलूप राहिले, लग्न विहारात लागले, पाहुण्यांची सोय शेजाऱ्यांच्या अंगणात झाली. पुढे लोखंडी गर्डर टाकून छत सावरले. त्याला जो खर्च आला, त्यात मागच्या अंगणात नवी खोली झाली असती.

असे का झाले? आम्ही बँकेतील माणूस, म्हणून हिशोब मांडून पाहिला. सिमेंटची एक पोती ५० किलोची. दोन्ही बाजूंना दहा-दहा फुटांच्या खोल्या असतील, तर मधल्या भिंतीवर दोन्हीकडचा निम्मा-निम्मा स्लॅब येतो. दहा फूट लांबीच्या भिंतीवर पाच इंची स्लॅबचे ओझे सुमारे तीन टन भरते, म्हणजे ६० पोती. वर दहा फूट उंच नऊ इंची भिंत असेल तर तिचे सुमारे चार टन, म्हणजे ८० पोती. भरलेल्या टाकीचा एक टन धरा, म्हणजे २० पोती. एकूण १६० पोती सिमेंट एका भिंतीच्या डोक्यावर! माणसे, फरशी, सामान वेगळेच. आणि ही भिंत आम्ही सब्बल घेऊन मधूनच फोडत होतो.

दुसरी गोष्ट सळईची. स्लॅबमध्ये जिथे ताण येतो तिथे सळई लागते. खोलीच्या मध्यभागी स्लॅब खाली झुकू पाहतो, म्हणून तिथे सळई खालच्या अंगाला असते. मधल्या भिंतीवर मात्र ताण वरच्या अंगाला येतो, म्हणून तिथे सळई वर वळवून घेतात. भिंत काढली की तीच जागा नव्या मोठ्या खोलीचा मध्य होते. ताण खालून येतो आणि खाली सळई पुरेशी नसते. शिवाय दोन टेकूंमधील अंतर दुप्पट झाले, की स्लॅबला वाकविणारा जोर दुप्पट होत नाही, चौपट होतो. आमच्या स्लॅबला ती रेघ का आली, ते यावरून समजते.

आता आपल्या भागातील घरांकडे वळू. ढोबळमानाने ती तीन प्रकारची आहेत. पहिली कवेलूची, मातीच्या किंवा कच्च्या विटांच्या भिंतींची. यांपैकी ज्या घरांत लाकडी खांब आहेत, तिथे छप्पर खांबांवर असते आणि भिंत केवळ आडोसा असते. परंतु जिथे खांब नाहीत, तिथे आढे पाख्याच्या भिंतीवर टेकलेले असते. छप्पर हलके दिसते म्हणून पाख्याची मधली भिंत काढली, तर आढेच खाली येते.

दुसरा प्रकार विटांच्या भिंतींवर स्लॅब टाकलेल्या घरांचा. याला सगळे लोड-बेअरिंगचे घर म्हणतात. आपल्या वस्तीतील बहुतेक जुनी पक्की घरे याच प्रकारची. रमाई आवास योजनेतून अनुसूचित जाती व नवबौद्ध कुटुंबांना मिळालेली कितीतरी घरकुलेही अशीच उभी आहेत. तिसरा प्रकार कॉलम-बीमच्या घरांचा. तिथे ओझे कॉलमवर असते आणि भिंती नंतर भरलेल्या असतात. पण सावध राहा. पुष्कळ घरांत दर्शनी भागात दोन कॉलम असतात आणि मागे सगळे काम भिंतीवर असते. दोन कॉलम दिसले म्हणून सारे घर कॉलमचे होत नाही.

मग एखादी भिंत ओझे वाहते की नाही, हे कसे ओळखावे? भिंतीला काही प्रश्न विचारावेत.

पहिला प्रश्न, तुझ्या डोक्यावर काय आहे? वर जाऊन पाहावे. वरच्या मजल्याची भिंत, जिन्याचा टप्पा, पाण्याची टाकी, बीमचे टोक, यांपैकी काही असेल तर ती भिंत ओझ्याची समजावी. दुसरा प्रश्न, तुझे पाय कुठे आहेत? भिंत जोत्यातून थेट पायापर्यंत गेली असेल तर ती बहुधा ओझ्याची. फरशीच्या वर उभारलेली असेल तर बहुधा पडदी. तिसरा प्रश्न, तुझी जाडी किती? दाराच्या चौकटीजवळ माप घ्यावे आणि प्लास्टर वजा करावे. नऊ इंची भिंत ओझ्याची असण्याची शक्यता मोठी. साडेचार इंची बहुधा पडदी असते. पण काटकसर करून बांधलेल्या घरांत साडेचार इंची भिंतीवरही स्लॅब टेकविलेला आढळतो. म्हणून केवळ जाडीवरून निकाल देऊ नये.

चौथा प्रश्न, तू आधी झालीस की स्लॅब आधी झाला? घर बांधताना जे हजर होते त्या वडीलधाऱ्यांना विचारावे. स्लॅबनंतर भरलेली भिंत पडदी असू शकते. तरीही वर्षानुवर्षे खाली झुकलेला स्लॅब पुढे तिच्यावर टेकतो, हे ध्यानात ठेवावे. पाचवा प्रश्न, तू एकट्या आमचीच आहेस काय? चाळीत, ओळीच्या घरांत सामाईक भिंतीवर शेजाऱ्याचाही स्लॅब टेकलेला असतो. सहावा प्रश्न भिंतीला नव्हे, कागदाला. नगर परिषदेने मंजूर केलेला नकाशा कपाटात असेल तर तो काढावा.

काही मिस्त्री भिंत ठोकून आवाजावरून सांगतात. आवाजावरून प्लास्टर सुटले आहे की नाही ते कळते. भिंतीवर ओझे आहे की नाही, हे कळत नाही.

भिंत जाड म्हणजे मजबूत, हाही एक गैरसमज आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीला भूकंप झाला. आठ हजारांच्या आसपास माणसे गेली. तिथल्या दगडी भिंती आपल्या भिंतींपेक्षा कितीतरी जाड होत्या, पण दगड मातीत रचलेले होते आणि वर मातीचे जड धाबे होते. भिंत कशाने बांधली, कोपऱ्यात कशी गुंफली, तिच्यावर किती ओझे घातले, या सर्वांवर तिचा भरवसा अवलंबून असतो.

भिंत पूर्ण काढली नाही तरी ती दुबळी करता येते. विजेच्या पाईपसाठी मारलेली खाच हे त्याचे नेहमीचे उदाहरण. नियम असा आहे की, उभी खाच भिंतीच्या जाडीच्या एक तृतीयांशाहून खोल नसावी आणि आडवी खाच एक षष्ठांशाहून. म्हणजे नऊ इंची भिंतीत उभी तीन इंच आणि आडवी दीड इंच. आपल्याकडे या टोकापासून त्या टोकापर्यंत आडवी खाच मारली जाते. भिंतीत कपाट कोरून घेतात, कोपऱ्याला लागून नवे दार काढतात. कोपरा हा घराचा सांधा आहे. तिथे दार काढू नये.

आता समजा, भिंत ओझ्याची आहे आणि ती काढणे खरोखर गरजेचे आहे. तर ते करता येते. परंतु क्रम पाळावा लागतो. प्रथम अभियंत्याने घर प्रत्यक्ष येऊन पाहावे, हिशोब करून बीमचे माप लेखी द्यावे. महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ खाली अशा कामाला परवानगी लागते, ती नगर परिषदेकडून घ्यावी. घर बँकेकडे गहाण असेल तर बँकेलाही कळवावे. आमच्या अनुभवात हे क्वचितच कोणी करतो.

नंतर वरचे ओझे कमी करावे. टाकी रिकामी करावी, वरच्या खोलीतील सामान हलवावे, तिथे कोणी झोपू नये. मग भिंतीच्या दोन्ही अंगांना टेकू लावावेत, एका अंगाला नव्हे. टेकूच्या वर आणि खाली जाड फळी हवी. खाली पक्की जमीन हवी, पोकळ फरशी नव्हे. वरच्या मजल्यावर भिंत उभी असेल तर तिच्यासाठी आरपार आडवे वासे घालून वेगळा आधार द्यावा लागतो. त्यानंतर भिंत वरून खाली, थोडी थोडी, हाताने उतरवावी. मोठ्या घणाचे घाव घालू नयेत.

बीमची दोन्ही टोके शाबूत भिंतीवर पुरेशी आत गेली पाहिजेत आणि त्यांच्याखाली काँक्रीटचा ठोकळा हवा. पूर्वी जे ओझे दहा फुटांत पसरले होते, ते आता दोन टोकांवर एकवटते. त्या टोकांखालचा पाया ते सोसेल काय, हेही अभियंत्याने पाहायचे असते. आपली काळी जमीन पावसात फुगते, उन्हाळ्यात आकसते आणि भेगाळते. म्हणून असे काम पावसाळ्यात काढू नये. बीम आणि स्लॅब यांच्यामधील फट घट्ट मसाल्याने ठासून भरावी, नाहीतर बीम असूनही स्लॅब अधांतरीच राहतो. काँक्रीटचा बीम असेल तर त्याला नियमित पाणी मारावे. साध्या पोर्टलँड सिमेंटच्या, सहा मीटरपर्यंतच्या बीमखालचे टेकू किमान १४ दिवस ठेवण्याचा नियम आहे. काँक्रीटची ठरलेली ताकद २८ दिवसांनी धरतात. लग्नाची तारीख जवळ आली म्हणून काँक्रीट लवकर पिकत नाही!

भेगांविषयी थोडेसे. प्रत्येक भेग म्हणजे संकट नव्हे. प्लास्टरची बारीक जाळी निरुपद्रवी असते. काळ्या जमिनीमुळे खिडकीच्या कोपऱ्यातून तिरप्या भेगा जातात, आपल्याकडे खुल्या खाणींतील स्फोटांचे हादरेही बसतात. पण भेग वाढते आहे की थांबली आहे, हे कळले पाहिजे. भेगेच्या दोन्ही टोकांना पेन्सिलीने रेघ मारून तारीख लिहावी. तिच्यावर काचेची छोटी पट्टी मसाल्याने चिकटवावी. पट्टी तडकली तर भिंत हलते आहे. दार अचानक अडकू लागले, छताला झोक आला, चुना झडू लागला, तर आधी बाहेर पडावे आणि मग विचार करावा.

हे सारे न केल्याने काय होते, याची उदाहरणे दूरची नाहीत. २५ जुलै २०१७ रोजी मुंबईत घाटकोपरच्या दामोदर पार्कमधील सिद्धी साई ही चार मजली इमारत कोसळून १७ जणांचा जीव गेला. तळमजल्यावर फेरबदलाचे काम चालू होते आणि त्यात इमारतीच्या खांबांना हात लावला गेला, असा आरोप रहिवाशांनी केला. वरच्या मजल्यावरील माणसाने काही केले नव्हते. तो फक्त घरी होता.

दुसरे उदाहरण बांगलादेशातले. २४ एप्रिल २०१३ रोजी ढाक्याजवळ सावर येथे राणा प्लाझा ही आठ मजली इमारत कोसळली. अकराशेहून अधिक माणसे गेली, बहुतेक कपडे शिवणारे कामगार, त्यात स्त्रिया जास्त. आदल्या दिवशी इमारतीला भेगा दिसल्या होत्या. त्या इमारतीत एका बँकेची शाखा होती. तिचे कर्मचारी बाहेर काढण्यात आले. दुकाने बंद राहिली. कामगारांना मात्र दुसऱ्या दिवशी कामावर बोलाविण्यात आले. आम्ही बँकेत काम करतो, म्हणून ही गोष्ट आमच्या मनातून जात नाही. भेग सर्वांना सारखीच दिसली होती. कोणाच्या जिवाची किंमत धरली गेली आणि कोणाच्या नाही, एवढाच फरक होता.

आमच्या घरातही वेगळे घडले नव्हते. सर्वांत आधी धोका दिसला तो खाली उभ्या असलेल्या त्या बाईला. तिचे कोणी ऐकले नाही, कारण ती रेजा होती. मिस्त्रीने ऐकले नाही आणि खरे सांगायचे तर आम्हीही ऐकले नाही. जय भीम म्हणणाऱ्या घरात हे घडले, याची खंत आम्हाला त्या स्लॅबच्या रेघेपेक्षा जास्त आहे. आपल्याच समाजातील कितीतरी भाऊ-बहिणी दुसऱ्यांच्या भिंतींखाली उभे राहून मजुरी करतात. त्यांना “थांबा” म्हणण्याचा अधिकार असला पाहिजे आणि त्यासाठी त्यांची रोजी कापली जाता कामा नये.

तथागतांनी कालामांना सांगितले की, कोणी सांगितले म्हणून किंवा चालत आले म्हणून काही स्वीकारू नका, स्वतः तपासून पाहा. शेजाऱ्याने केले म्हणून आपण करावे, हे त्या उपदेशाच्या विरुद्ध आहे. भिंत ओळखणे ही प्रज्ञा. नियम आणि शेजाऱ्याचा हक्क पाळणे हे शील. खाली उभ्या असलेल्या माणसाची काळजी घेणे ही करुणा. धम्म विहारात ठेवून घरी येता येत नाही.

जाता जाता मंडळाला एक विनंती. आपल्या अभ्यासिकेची मधली भिंत काढून जागा वाढवावी आणि वरच्या मजल्यावर ग्रंथालय न्यावे, अशी सूचना गेल्या बैठकीत आली. हेतू उत्तम आहे. बाबासाहेबांनी दादरला राजगृह बांधले, ते ग्रंथांना जागा मिळावी म्हणूनच. परंतु पुस्तके जड असतात. राहत्या खोलीच्या मजल्यासाठी चौरस मीटरला सुमारे २०० किलो ओझे धरतात, तर पुस्तकांच्या मांडण्यांच्या खोलीसाठी त्याच्या तिप्पट आणि जास्तही. खालची भिंत काढायची आणि वर पुस्तके न्यायची, या दोन्ही गोष्टी एकदम करण्यापूर्वी अभियंत्याचा लेखी अभिप्राय घ्यावा. तोपर्यंत सब्बल उचलू नये. या कामासाठी आमच्याकडून जी वर्गणी ठरेल ती देण्यास आम्ही बांधील आहोत.

विद्यार्थ्यांना एक गृहपाठ देतो. येत्या रविवारी टेप घेऊन आपल्या घराचा नकाशा काढा. खालचा मजला साध्या कागदावर आणि वरचा पातळ बटर पेपरवर, एकाच मापात. मग एक दुसऱ्यावर ठेवा. कोणत्या भिंतीवर कोणती भिंत उभी आहे, टाकी कुठे आहे, जिना कुठे टेकला आहे, सारे दिसेल. ओझ्याच्या भिंती लाल पेन्सिलीने रंगवा आणि तो कागद घराच्या कागदपत्रांत ठेवा. उद्या घरात लग्न निघेल, मिस्त्री येईल, “काही होत नाही” म्हणेल. तेव्हा तो कागद त्याच्यापुढे ठेवा आणि काकांचा प्रश्न त्याला विचारा, “वर काय आहे ते पाहिलं का?”



नमो बुद्धाय. जय भीम. जय भारत.